क्रीममधल्या शिनाण्या: पद्धत फ्रेंच, बाजार गोव्याचा

फ्रेंच पद्धतीच्या क्रीममधल्या शिनाण्या (इंग्रजीत 'मसल्स' म्हणतात ते शिंपले) घरी करायच्या, तर एक गोष्ट आधी मनाशी पक्की करा. या पदार्थाची सगळी चव शिनाण्यांच्या पाण्यात आहे. शिंपले वाफेवर उघडताना आत धरून ठेवलेलं खारट-गोडसर पाणी पातेल्यात उतरतं, तोच खरा सॉस. वाइन, कांदा, लोणी आणि क्रीम त्याला सांभाळून घेतात, इतकंच. घरी हा पदार्थ फसतो तो बहुतेक वेळा या पाण्याकडे दुर्लक्ष झाल्यानं. गाळलं नाही की दाताखाली रेती येते, चाखलं नाही की सॉस खारट होतो, दाट केलं नाही की पांचट लागतो, आणि क्रीम घालून खळखळ उकळलं की फाटतं.

फ्रान्समध्ये या पदार्थाची बरीच भावंडं आहेत. शिनाणीला फ्रेंचमध्ये 'मूल' म्हणतात. उच्चार आपल्या 'मूल'सारखाच. नुसती वाइन, बारीक कांदा, पार्सली आणि लोणी असेल तर ती 'मूल मारिनिएर'. त्यात क्रीम आलं की 'मूल आ ला क्रेम'. पश्चिम किनाऱ्यावर ला रोशेलच्या आसपास क्रीमबरोबर अंड्याचा बलक आणि चिमूटभर करी पावडर किंवा केशर घालतात, तिचं नाव 'मूक्लाद'. नॉर्मंडीत वाइनऐवजी सफरचंदाची सायडर वापरतात. इथे दिली आहे ती मधली, साध्या क्रीमची. ती हाताला बसली की बाकीच्या आपोआप जमतात.

आपली शिनाणी आणि त्यांची शिनाणी

फ्रेंच कृती जशीच्या तशी इथे का चालत नाही, याचं उत्तर शिंपल्यातच आहे. फ्रान्समध्ये सगळ्यात नावाजलेल्या शिनाण्या किनाऱ्याजवळ रोवलेल्या लाकडी खांबांवर वाढवतात. त्यांना 'बुशो'च्या शिनाण्या म्हणतात, आणि मों-सँ-मिशेलच्या उपसागरातल्या बुशो शिनाण्यांना 2011 मध्ये युरोपीय संघाचं संरक्षित नावही मिळालं. त्या काळ्या-निळ्या, जेमतेम चार-पाच सेंटीमीटर लांब असतात आणि तीन-चार मिनिटांत शिजतात.

आपली शिनाणी वेगळ्या जातीची. शिंपल्याची कड हिरवी, आतून मोत्यासारखी चमक, आणि आकार सहज सात ते दहा सेंटीमीटर. गर जाड, चव जास्त ठसठशीत, आणि पाणीही भरपूर. म्हणून वेळ बदलतो, सॉसचं प्रमाण बदलतं, आणि एका माणसाला पुरणारे नगही कमी लागतात. मध्यम ते मोठ्या आकाराच्या किलोभर शिनाण्यांत साधारण पंचवीस ते चाळीस नग बसतात. शिजवून काढलेला गर वजनाच्या पाव ते तिसरा हिस्सा भरतो.

या पदार्थासाठी अवाढव्य शिनाण्या घेऊ नका. रवा लावून तळायला त्या छान, पण क्रीममध्ये एकेक घास जड होतो. सहा-सात सेंटीमीटरच्या, म्हणजे मधल्या बोटाहून थोड्या आखूड, एकसारख्या आकाराच्या निवडा. लहान-मोठ्या मिसळल्या तर लहान रबरासारख्या होईपर्यंत मोठ्या उघडतच नाहीत.

कधी आणि कशा घ्याव्यात

डिसेंबरपासून मे महिन्यापर्यंतचा काळ चांगला. पावसाळ्याच्या आसपास शिनाण्या अंडी सोडतात आणि त्यानंतर गर पातळ, पाणचट होतो. शिंपला मोठा आणि आत चिमूटभर मांस, अशी फसगत तेव्हाच होते. शिवाय पावसात नद्या गढूळ असतात, आणि खवळलेल्या समुद्रात खडकांवर कुणी उतरावं असे ते दिवसही नव्हेत.

म्हापसा, पणजी, मडगावच्या मासळी बाजारात किंवा दक्षिण गोव्यातल्या बेतूलकडे घेताना पहिला प्रश्न विचारायचा तो, माल कुठला आणि कधी काढलेला. शिनाणी तासाला कित्येक लिटर पाणी आतून गाळते आणि त्या पाण्यात जे असेल ते अंगात साठवते. उघड्या समुद्रावरच्या खडकांचा माल निवडावा. बंदर, जेटी, सांडपाण्याचा नाला किंवा बोटींच्या रांगा असलेल्या ठिकाणचा माल कितीही भरलेला दिसला तरी घेऊ नये. समुद्राला लाल-तपकिरी रंग चढल्याची बातमी असेल, तर त्या काळात आणि नंतरचे काही आठवडे कुठलेच शिंपले खाऊ नयेत. त्या रंगाला कारणीभूत असलेल्या सूक्ष्म जीवांपैकी काहींचं विष शिंपल्यांत उतरतं, आणि ते शिजवून जात नाही, कितीही वेळ उकळा.

हातात घेतल्यावर जिवंत शिनाणी घट्ट मिटलेली असते. थोडी उघडी असेल तर दुसऱ्या शिंपल्यानं टकटक करा, किंवा दोन बोटांनी दाबून सोडा. जिवंत असेल तर ती हळूहळू, पण स्वतःहून मिटते. फ्रिजमधून काढलेली असेल तर तिला मिनिटभर वेळ द्या, थंडीनं ती सुस्त असते. मिटली नाही तर टाकून द्यायची. फुटक्या शिंपल्याची टाकायची. आकाराच्या मानानं फार जड लागणारी बाजूला ठेवा. ती बऱ्याचदा मेलेली आणि चिखलानं भरलेली निघते, आणि अशी एक जरी पातेल्यात उघडली तरी सगळं पाणी गढूळ होतं. फार हलकी आणि हलवल्यावर खुळखुळणारीही नको. वास समुद्राचा असावा. किंचितही कुजका किंवा अमोनियासारखा वास आला तर पूर्ण वाटाच नाकारा.

सोललेला गर मिळाला तर तो या पदार्थासाठी घेऊ नका. त्याचं पाणी बाजारातच सांडून गेलेलं असतं.

घरी आणल्यावर प्लास्टिकची पिशवी लगेच सोडा. बंद पिशवीत त्या गुदमरतात. पसरट ताटात किंवा चाळणीत ठेवून वर ओलं फडकं घाला आणि फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवा. गोड्या पाण्यात बुडवून ठेवायच्या नाहीत, बर्फाच्या वितळलेल्या पाण्यातही नाहीत, त्यानं त्या मरतात. सकाळी आणून रात्री करणं उत्तम. दुसऱ्या दिवसापर्यंत चालतात, त्यापुढे नको.

साफ करणं

खडकावरच्या शिनाण्यांत तिसऱ्या नावाच्या शिंपल्यांइतकी रेती नसते, त्यामुळे तासन् तास पाण्यात ठेवायची गरज नाही. शंका असेल तर लिटरभर पाण्यात 35 ग्रॅम मीठ, म्हणजे दोन सपाट टेबलस्पून, विरघळवून त्यात अर्धा तास ठेवा. हे प्रमाण समुद्राच्या खारेपणाएवढं आहे. अंदाजानं चिमूटभर मीठ टाकलेलं पाणी शिनाणीच्या दृष्टीनं गोडंच.

शिंपल्यावर चिकटलेले पांढरे टणक बार्नॅकल जुन्या सुरीच्या पाठीनं खरवडून काढा आणि तारेच्या घासणीनं किंवा ताठ ब्रशनं नळाखाली शिंपला घासा. हे काम कंटाळवाणं आहे, पण टाळता येत नाही. बार्नॅकलचे तुकडे आणि शेवाळ उकळत्या वाइनमध्ये सुटतात आणि सॉसला खाडीच्या चिखलाचा वास येतो. किलोभराला पंधरा-वीस मिनिटं धरा.

मग तो तंतूंचा झुपका. शिंपल्याच्या सरळ कडेला, फटीतून तपकिरी केसासारखे धागे बाहेर आलेले दिसतील. त्यांनीच शिनाणी खडकाला धरून असते. सुक्या फडक्यात किंवा अंगठा आणि सुरीच्या पात्यामध्ये तो झुपका घट्ट पकडा आणि शिंपल्याच्या टोकदार बाजूकडे, म्हणजे बिजागरीकडे, हलवत हलवत ओढा. किंचित अडतो, मग एकदम सुटून येतो. रुंद बाजूकडे ओढलात तर आतलं मांस फाटतं. हा झुपका काढल्यावर शिनाणी फार वेळ जगत नाही, म्हणून हे काम पातेलं चुलीवर चढवायच्या आधी अर्ध्या तासात करायचं. सकाळी साफ करून रात्री शिजवायच्या, असं करू नये. हट्टी झुपका तुटून आत राहिला तर घाबरू नका. शिजल्यावर तो चिमटीनं सहज निघतो.

साहित्य

दोघांना जेवण म्हणून किंवा चौघांना सुरुवातीचा पदार्थ म्हणून:

शिनाण्या दीड किलो, लहान कांदे 100 ग्रॅम, लसूण 4 पाकळ्या, बिनमिठाचं लोणी 40 ग्रॅम आणि वेगळं 15 ग्रॅम, मैदा 15 ग्रॅम, कोरडी पांढरी वाइन 200 मिलिलिटर, क्रीम 200 मिलिलिटर, पार्सलीची एक छोटी जुडी, थाइमच्या दोन काड्या किंवा सुकं थाइम पाव चमचा, ताजी भरडलेली मिरी अर्धा चमचा, आणि शेवटी लागलंच तर लिंबू.

मीठ या यादीत नाही, आणि ते विसरलेलं नाही.

कांद्यात फ्रेंच लोक शॅलट वापरतात. आपल्याकडे माळेनं मिळणारे गावठी कांदे किंवा सांबारचे छोटे कांदे त्या जागी छान बसतात. मोठा लाल कांदा तिखट आणि पाणीदार असतो, तोच असेल तर 80 ग्रॅम घ्या आणि जरा जास्त वेळ परता. चिरणं मात्र खरंच बारीक हवं, तांदळाच्या दाण्याएवढं, कारण कांदा गाळून निघणार नाही, तो सॉसमध्ये शेवटपर्यंत राहतो.

लोणी बिनमिठाचंच. बाजारातलं नेहमीचं पिवळं खारं लोणी वापरलं तर त्याचं मीठ शिनाण्यांच्या मिठात मिसळतं आणि मागे फिरता येत नाही.

वाइन कोरडी हवी, गोड नको. भारतीय वाइनमध्ये सोव्हिन्यों ब्लां हा प्रकार योग्य. शेनिन ब्लां बऱ्याचदा गोडसर असते. तिनं सॉस मिठाईकडे झुकतो. गोव्यात घरोघरी असणारी पोर्ट वाइन इथे बिलकुल नको, ती लालही आणि गोडही. फेणी किंवा हुर्राक घालून बघायचा मोह होतो, पण काजूचा तो वास शिनाणीला झाकून टाकतो. ज्या घरात दारू चालत नाही, त्यांनी 180 मिलिलिटर पाणी, एक टेबलस्पून माडाचं विनागर (व्हिनेगर) आणि दोन चिमूट साखर घ्यावी. चव वाइनची येणार नाही, पण जो आंबटपणा क्रीमचा जडपणा तोडतो, तो मिळतो.

तमालपत्राबद्दल थोडं. फ्रेंच कृतीत 'बे लीफ' असतं ते आपलं तमालपत्र नव्हे. आपल्या पानाला दालचिनीचा वास आहे आणि ते सॉसला पुलावाकडे नेतं. नसलेलं बरं. पार्सलीऐवजी कोथिंबीर घातली तर पदार्थ चांगला लागेल, पण तो दुसराच पदार्थ होईल. पार्सली मिळाली नाही तर सेलरीची कोवळी पानं त्या जागी जवळची.

आता क्रीम. दुकानात खोक्यात मिळणाऱ्या नेहमीच्या 'फ्रेश क्रीम'मध्ये 25 टक्के स्निग्धांश असतो. फ्रान्समध्ये वापरतात त्यात 30 टक्के किंवा जास्त. हा फरक कागदावर लहान दिसतो, पातेल्यात मोठा असतो. स्निग्धांश कमी म्हणजे दुधातली प्रथिनं जास्त, आणि वाइनचा आंबटपणा व उष्णता एकत्र आली की तीच प्रथिनं गोळा होऊन क्रीम फाटतं. म्हणून या कृतीत मैदा-लोण्याची गोळी आहे. मैद्यातला स्टार्च प्रथिनांना एकमेकांना चिकटू देत नाही. 35 टक्क्यांचं, न गोड केलेलं कुकिंग क्रीम मिळालं तर मैदा निम्मा करा. केकवर लावायचं 'व्हिपिंग क्रीम' घेताना डबा वाचा. बाजारातलं बरंचसं वनस्पती तेलाचं आणि साखर घातलेलं असतं, ते इथे चालत नाही. घरच्या दुधाची साय वापरायची तर ती त्याच दिवसाची, न विरजलेली, चाळणीतून घासून घेतलेली हवी, नाहीतर सॉसमध्ये सायीचे पापुद्रे तरंगतात.

नारळाचं दूध? शिनाण्या आणि नारळ ही जोडी आपल्याकडे पिढ्यान्पिढ्या जमलेली आहे, तिला कुणी हात लावायची गरज नाही. पण इथे ते घातलं तर वाइन आणि थाइमशी भांडतं. नारळाचा पदार्थ नारळाच्या मसाल्यांनीच करावा.

शिजवणं

सगळं साहित्य चिरून, मोजून, हाताशी ठेवा. एकदा शिनाण्या पातेल्यात गेल्या की दहा मिनिटांत खेळ आटपतो.

रुंद तळाचं, घट्ट झाकणाचं, सहा-सात लिटरचं स्टीलचं पातेलं घ्या. ॲल्युमिनियमचा टोप नको, वाइनचा आंबटपणा त्याला लागतो. शिनाण्या घातल्यावर पातेलं अर्ध्याच्या वर भरू नये, कारण उघडल्यावर त्या जवळजवळ दुप्पट जागा घेतात. पातेलं लहान असेल तर दोन खेपांत शिजवा. अरुंद, काठोकाठ भरलेल्या पातेल्यात खालच्या शिनाण्या जास्त शिजतात आणि वरच्या मिटलेल्याच राहतात.

40 ग्रॅम लोणी मंद आचेवर वितळवा, कांदा घाला आणि पाच-सहा मिनिटं परता. कांदा मऊ, पारदर्शक व्हायला हवा. रंग अजिबात यायला नको. आपल्या हाताला कांदा लालसर करायची सवय असते, ती इथे आवरावी लागते, कारण भाजलेल्या कांद्याचा गोडवा आणि तपकिरी रंग दोन्ही या पांढऱ्या सॉसला मारक. लसूण ठेचू नका, बारीक चिरून शेवटच्या मिनिटाला घाला. थाइम, पार्सलीचे देठ आणि मिरी टाका.

वाइन ओता, आच मोठी करा आणि दोन मिनिटं उकळू द्या. नाकात झोंबणारा वास कमी झाला की शिनाण्या एकदम घाला आणि झाकण लावा. आच मोठीच. दोन मिनिटांनी झाकण दाबून धरून पातेलं दोन्ही हातांनी उचलून एकदा जोरात हलवा, म्हणजे खालच्या वर येतील. चौथ्या-पाचव्या मिनिटाला बहुतेक शिनाण्या उघडलेल्या दिसतील.

फ्रेंच आचारी इथेच थांबतात. आपण थांबू नये. युरोपात शिंपल्यांची वाढ होते त्या पाण्याची तपासणी करून वर्गवारी केलेली असते आणि गरज असेल तिथे माल शुद्ध करूनच बाजारात येतो. इथे खडकावरून काढलेल्या मालाची तशी खात्री देता येत नाही. म्हणून उघडल्यानंतर झाकण लावून आणखी तीन मिनिटं वाफ द्या. जाड गराच्या आपल्या शिनाणीला ती सोसते. गर शिंपल्यापासून सुटून गोळा व्हायला लागतो, कडा किंचित आकसतात, तरी चावायला मऊ असतो. याच्या पुढे मात्र तो झपाट्यानं आकसतो आणि चिवट होतो, म्हणून घड्याळ लावा.

झाऱ्यानं शिनाण्या परातीत काढा आणि वर झाकण घाला. मिटून राहिलेल्या असतील त्या दोन मिनिटं परत पातेल्यात ठेवा. तरीही उघडल्या नाहीत तर टाकून द्या, सुरीनं उघडायचा प्रयत्न करू नका.

काही शिनाण्यांचा गर नारिंगी आणि काहींचा मळकट पांढरा दिसेल. नारिंगी मादी, पांढरा नर; शिजण्याशी त्याचा संबंध नाही. एखाद्या शिंपल्यात वाटाण्याएवढी छोटी कुर्ली (खेकडा) सापडते. ती तिथेच राहणारी असते आणि निरुपद्रवी आहे, काढून टाकली की झालं. गराच्या मध्यभागी दिसणारा हिरवट-काळा भाग म्हणजे पोट. मोठ्या शिनाण्यांत तो कडसर लागू शकतो, नको असेल तर सुरीच्या टोकानं काढावा.

अर्ध्या शिनाण्यांचे वरचे रिकामे शिंपले काढून टाका, म्हणजे वाडग्यात गर्दी होत नाही. राहिलेला एखादा झुपका आत्ताच ओढून काढा.

पाणी

पातेल्यात आता चारशे-पाचशे मिलिलिटर राखाडी, गढूळसर पाणी असेल. दिसायला काही खास नाही, पण सगळं इथेच आहे. दोन मिनिटं न हलवता ठेवा, रेती खाली बसू द्या. मग मलमलचं फडकं ओलं करून गाळण्यावर घाला आणि पाणी अलगद ओता. तळाचे शेवटचे दोन-तीन चमचे पातेल्यातच सोडा. ते वाया घालवायला जीव होत नाही, पण रेती त्यातच असते. फडक्यात अडकलेला कांदा वरच्या वर चमच्यानं परत घ्या, थाइमच्या काड्या आणि देठ टाकून द्या.

आता एक चमचा पाणी थंड करून चाखा. ही या कृतीतली सगळ्यात महत्त्वाची पायरी. सारासारखं, जिभेला हवंहवंसं खारट लागलं तर सगळं पाणी मोठ्या आचेवर आटवून 250 मिलिलिटर करा. समुद्रात डुबकी मारताना पाणी तोंडात गेल्यासारखं लागलं, तर आटवायचं नाही. त्यातलं 150 मिलिलिटर घ्या आणि 100 मिलिलिटर साधं पाणी घाला. पाण्याचा खारेपणा माल कुठला आणि महिना कुठला यावर ठरतो. पाऊस संपल्यानंतर नदीमुखाजवळच्या शिनाण्यांचं पाणी सौम्य असतं, तर मे महिन्यात उघड्या खडकावरच्यांचं चांगलंच खारट. छापील कृतीतलं 'निम्मं होईपर्यंत आटवा' हे वाक्य म्हणून डोळे मिटून पाळता येत नाही.

15 ग्रॅम लोणी आणि 15 ग्रॅम मैदा बोटांनी मळून मऊ गोळी करा. पातेलं धुऊन पुसून त्यात 250 मिलिलिटर पाणी आणि कांदा घालून उकळी आणा, आच मध्यम करा आणि गोळीचे चिंचोक्याएवढे तुकडे एकेक करून टाकत रवीनं किंवा व्हिस्कनं ढवळत राहा. लोण्यात गुंडाळलेला असल्यामुळे मैद्याच्या गुठळ्या होत नाहीत. कोरडा मैदा भुरभुरवलात तर हमखास होतात. चार मिनिटं उकळू द्या, नाहीतर कच्च्या पिठाचा वास राहतो. सॉस आता चमच्याच्या पाठीवर पातळ थर धरेल.

क्रीम वेगळ्या भांड्यात कोमट करून घ्या. त्यात दोन पळ्या गरम सॉस मिसळा, आणि मग ते सगळं पातेल्यात ओता. आच अगदी मंद. कडेला लहान बुडबुडे आले तर चालतील, मध्ये खळखळ उकळी नको. तीन-चार मिनिटांत सॉस मखमली होतो. चमच्याची पाठ सॉसमधून काढून तिच्यावर बोट ओढा. रेघ तशीच राहिली की झालं.

शिनाण्या आणि परातीत निथळलेलं पाणी सॉसमध्ये घाला, तेही तळाची रेती सोडून. मिनिटभर हलक्या हातानं खालीवर करा, आच बंद करा, बारीक चिरलेली पार्सली भुरभुरवा. आता चाखा. मीठ लागण्याची शक्यता फार कमी. चव सपाट वाटली तर आच बंद असतानाच लिंबाचे पाच-सहा थेंब.

शिनाण्या सुरुवातीपासून क्रीममध्येच का शिजवू नयेत, हा प्रश्न नेहमी येतो, कारण बऱ्याच झटपट कृती तसंच सांगतात. तीन कारणं आहेत. शिनाण्या उघडायला मोठी आच लागते आणि क्रीमला मंद. किती पाणी सुटेल ते आधी कळत नाही, त्यामुळे सॉस पातळ झाला की तो दाट करायला शिनाण्या जास्त शिजवाव्या लागतात. आणि क्रीममध्ये मिसळलेली रेती गाळता येत नाही.

बिघडलं तर

क्रीम फाटून दाणेदार दिसू लागलं तर लगेच आच बंद करा, शिनाण्या काढा, दोन चमचे थंड क्रीम घालून सॉस मिक्सरमध्ये काही सेकंद फिरवा आणि गाळून घ्या. गरम सॉस मिक्सरमध्ये घालताना भांडं अर्ध्याहून कमी भरा आणि झाकण फडक्यानं दाबून धरा. कांदा वाटला जाईल, पण पोत सावरतो.

खारट झालं तर पाणी घालू नका, क्रीम वाढवा. पन्नास मिलिलिटर क्रीम आणि बिनमिठाच्या लोण्याचा एक तुकडा पुष्कळ खारेपणा झाकतो. उकडलेला बटाटा टाकून मीठ शोषलं जातं, या समजुतीवर विसंबू नका. बटाटा स्वतःपुरतंच पाणी पितो, सॉसचा खारेपणा तसाच राहतो.

पातळ झालं तर शिनाण्या आत ठेवून आटवू नका. त्या काढा, सॉस मंद आचेवर दाट करा, मग परत घाला.

मूक्लाद करायची असेल तर कांद्यातच अर्धा चमचा सौम्य करी पावडर परता, आणि शेवटी एका अंड्याचा बलक दोन चमचे क्रीममध्ये फेटून, आच बंद केल्यावर सॉसमध्ये ढवळा. बलक घातल्यावर सॉस परत चुलीवर ठेवला तर अंड्याची भुर्जी होते. बाजारातल्या तिखट मसाल्यांऐवजी हळद, धणे, किंचित मेथी आणि बडीशेप यांची पूड एकत्र केली तरी चालते. गरम मसाला नको.

वाढणं

खोलगट वाडगे गरम पाण्यानं तापवून घ्या, कारण सॉस थंड झाला की वर साय धरतो. मध्ये रिकाम्या शिंपल्यांसाठी एक मोठं भांडं ठेवा. पहिली शिनाणी काट्यानं काढून खायची, आणि तिचा रिकामा, अजून जोडलेला शिंपला चिमट्यासारखा धरून बाकीच्यांचा गर उपसायचा, ही फ्रेंच रीत. आपल्याकडे हातानं खाणाऱ्यांना ती शिकवावी लागत नाही.

फ्रान्समध्ये याबरोबर तळलेले बटाटे किंवा बगेत, म्हणजे लांबट फ्रेंच पाव, देतात. इथे पोदेर (पाववाला) संध्याकाळी आणतो तो उंडा पाव याला सगळ्यात चांगला. बाहेरची कड टणक, आत मऊ, आणि सॉसमध्ये बुडवल्यावर लगेच विरघळत नाही. पोयही चालते, पण तिच्या कोंड्याची चव थोडी पुढे येते. मऊ कातरो पाव सॉसमध्ये लगदा होतो. चपाती-भाताबरोबर हा पदार्थ उगाच लपून बसतो. शिंपल्यांची ॲलर्जी असणाऱ्याला यातला सॉसही देऊ नये, कारण शिनाणी दिसली नाही तरी ती सगळी त्यातच आहे.

उरलं तर शिंपले काढून टाका, गर आणि सॉस वेगवेगळ्या डब्यांत भरून लगेच फ्रिजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी संपवा. सॉस मंद आचेवर वाफ येईपर्यंत नीट गरम करायचा, गर त्यात शेवटच्या दोन मिनिटांत घालायचा, आणि उकडलेल्या पास्त्यावर ओतायचा. पास्त्याच्या पाण्यात मीठ नेहमीच्या निम्मंच घाला.